पिस्टोरिअस खटला: पहिल्या निकालातलं 'कल्पेबल होमिसाइड' म्हणजे आपलं ३०४ का?

विधी_तिसरंवर्ष

मूट कोर्टासाठी, म्हणजे सरावाच्या लुटुपुटीच्या खटल्यासाठी, आलेली समस्या अशी: मध्यरात्रीनंतर घरात फक्त एक जोडपं, न्हाणीघरातल्या शौचालयाच्या बंद दाराआड हालचाल होते, प्रियकर दारातून चार गोळ्या झाडतो आणि दार फोडल्यावर आत त्याचीच प्रेयसी सापडते. कृत्रिम पायांवर धावणारा दक्षिण आफ्रिकेचा धावपटू ऑस्कर पिस्टोरिअस याच्या खटल्यावर बेतलेली आहे हे उघड आहे. १४ फेब्रुवारी २०१३ ची पहाट, प्रिटोरियातली सिल्व्हर वूड्स वसाहत, मयत रीवा स्टीनकॅम्प, वय २९, मॉडेल आणि कायद्याची पदवीधर. दोघांची ओळख जेमतेम तीन महिन्यांची.

मला अडतंय ते इथे. सप्टेंबर २०१४ मध्ये न्या. थोकोझिले मासिपा यांनी त्याला खुनातून सोडलं आणि 'कल्पेबल होमिसाइड'मध्ये दोषी धरलं. मराठीत याला 'सदोष मनुष्यवध' म्हटलेलं वाचलं, म्हणून मी भारतीय दंड संहितेचं जुनं ३०४, म्हणजे आताचं न्याय संहितेचं १०५, धरून मांडणी सुरू केली. पण आपल्या ३०४ ला उद्देश किंवा जाणीव लागते. मासिपा तर म्हणतात की समोरचा मरेल ही शक्यताच त्याच्या मनात आली नव्हती. मेळ बसत नाही.

डिसेंबर २०१५ मध्ये अपिलात तोच गुन्हा खून ठरला, एकही नवा साक्षीदार न तपासता. ते कसं जमलं? दार, बॅट, शेजाऱ्यांनी ऐकलेल्या किंकाळ्या यांचं शेवटी काय ठरलं? आणि हाच प्रसंग आपल्याकडे घडला तर बचाव कुठल्या कलमांवर उभा राहील? माझ्याकडे सरकार पक्ष आहे.

सनदधारक

मेळ बसत नाही, कारण शब्द एक असला तरी गुन्हा वेगळा आहे. आधी ३०४ पुसून टाका.

दक्षिण आफ्रिकेचा फौजदारी कायदा रोमन-डच परंपरेतला आहे. तिथे माणूस मारण्याचे मुख्य गुन्हे दोनच. उद्देशाने मारलं तर खून, हयगयीने मारलं तर कल्पेबल होमिसाइड. म्हणजे त्यांचं कल्पेबल होमिसाइड आपल्या जुन्या ३०४-अ च्या, आताच्या १०६ च्या शेजारी बसतं. आपल्याकडे सदोष मनुष्यवध हा मोठा वर्ग आहे आणि खून हा त्यातला गंभीर प्रकार. तिकडे हे दोन गुन्हे एकाच शिडीच्या पायऱ्या नाहीत, त्यांचा मानसिक घटकच निराळा आहे. भाषांतरात 'सदोष मनुष्यवध' आलं की वाचणाऱ्याला वाटतं, न्यायालयाने उद्देश मान्य केला आणि नुसती शिक्षा कमी केली. तसं काही झालं नव्हतं. मासिपा यांनी उद्देश पूर्णपणे नाकारला होता. त्यांच्या मते त्या जागी शहाणा माणूस असता तर त्याने फोन करून सुरक्षारक्षकांना बोलावलं असतं किंवा बाल्कनीत जाऊन मदतीसाठी ओरडला असता. पिस्टोरिअसने यातलं काही केलं नाही, म्हणून हयगय.

आता त्यांच्या 'उद्देशा'त काय काय येतं ते बघा, कारण अख्खं अपील त्यावर फिरलं. एक सरळ उद्देश: मारायचंच होतं आणि मारलं. त्याशिवाय 'डोलस इव्हेंच्युअलिस' नावाचा प्रकार आहे. त्याचे दोन भाग: आपल्या कृत्याने कुणी मरू शकेल ही शक्यता आरोपीला स्वतःला दिसलेली असणं, आणि ती दिसूनही 'झालं तर होऊ दे' म्हणून ती पत्करून पुढे जाणं. शक्यता त्याला स्वतःला दिसायला हवी, 'दिसायला हवी होती' एवढ्याने चालत नाही. दिसायला हवी होती पण दिसली नाही, तर ती हयगय झाली. खून आणि कल्पेबल होमिसाइड यांच्यामधली भिंत एवढीच आहे.

मासिपा यांनी स्वतःला विचारलेला प्रश्न साधारण असा होता: दाराआड रीवा आहे आणि ती मरेल, हे त्याला दिसलं होतं का? ती पलंगावर झोपली आहे असं तो समजत होता, म्हणून उत्तर आलं 'नाही'. ब्लूमफाँटेनच्या सर्वोच्च अपील न्यायालयाने ३ डिसेंबर २०१५ ला पाचही न्यायमूर्तींच्या एकमताने सांगितलं की प्रश्नच चुकला. न्या. एरिक लीच यांनी निकालपत्र लिहिलं. आत कोण आहे हा मुद्दाच नाही, आत कुणीतरी माणूस आहे आणि तो मरू शकतो हे दिसलं होतं का, एवढंच विचारायचं. गर्दीत बॉम्ब ठेवणाऱ्याला मरणाऱ्यांची नावं ठाऊक नसतात, म्हणून त्याचा उद्देश नाहीसा होत नाही, हे उदाहरण निकालपत्रातच आहे. मूटमध्ये ते जसंच्या तसं वापरा.

दाराआड कुणीतरी आहे हे तर त्याचंच म्हणणं होतं. त्यासाठीच त्याने गोळ्या झाडल्या. शौचालय इतकं अरुंद की आतल्या माणसाला लपायला किंवा हटायला जागा नव्हती. गोळ्या चार. बंदुकीच्या परवान्यासाठी दिलेल्या लेखी परीक्षेतली त्याची उत्तरं न्यायालयापुढे आली होती. जिवाला थेट धोका नसेल तर चोरावरही गोळी चालवता येत नाही, हे त्याने त्यात बरोबर लिहिलं होतं. इशाऱ्याची गोळी झाडली नाही, कारण ती उलटून आपल्यालाच लागेल असं वाटलं, हे त्याचं स्वतःचं उत्तर. गोळी उलटून काय करील याचा विचार करणाऱ्याला दारातून गेलेली गोळी काय करील हे दिसलं नसेल, हे मान्य करणं अवघड होतं.

एक गैरसमज इतका पसरलाय की तो मुद्दाम सांगतो. अपिलात असं ठरलं नाही की त्याने रीवाला ओळखून मारलं. पूर्वनियोजित खुनाचा आरोप पहिल्याच न्यायालयात पडला होता आणि तो पडलेलाच राहिला. आत जो कोणी असेल त्याचा खून, एवढंच सिद्ध झालं. तुमच्या युक्तिवादात 'भांडण झालं आणि तिला मारलं' असं एक वाक्य जरी आलं तरी समोरची बाजू तुम्हाला तिथेच अडवेल.

न्यायवैद्यक

दार आणि बॅटबद्दल लिहितो. सरकार पक्षाची बाजू जिथे सैल झाली ती जागा हीच आहे.

दार मेरांटी लाकडाचं, पट्ट्यापट्ट्यांचं. त्यात चार भोकं, त्यांना अ, ब, क, ड अशी नावं दिली होती. सगळी जमिनीपासून साधारण ९३ ते १०५ सेंटिमीटर उंचीच्या पट्ट्यात. भोकातून सळई घालून कोन मोजला की झाडणाऱ्याच्या हाताची उंची काढता येते. त्यावरून तो कृत्रिम पाय न लावता, गुडघ्याखालच्या थोट्या पायांवर उभा होता हे दोन्ही बाजूंनी मान्य झालं. ही गोष्ट वरवर किरकोळ वाटते, पण सुरुवातीला, जामिनाच्या वेळी, सरकार पक्ष म्हणत होता की त्याने आधी कृत्रिम पाय चढवले आणि मग गोळ्या झाडल्या. पाय चढवायला वेळ लागतो, वेळ म्हणजे विचार, विचार म्हणजे पूर्वनियोजन, अशी ती साखळी होती. दाराने तिची पहिली कडी तोडली.

दुसरी गोष्ट बॅटची. दार फोडायला क्रिकेटची बॅट वापरली हे कुणीच नाकारलं नाही. वाद क्रमाचा होता: आधी गोळ्या की आधी बॅट? लाकडाने याचं उत्तर दिलं. फळीला गेलेली चीर एका बाजूने गोळीच्या भोकात शिरते आणि दुसऱ्या बाजूने बाहेर पडते. चीर वाट काढताना जिथे लाकूड आधीच कमजोर असतं तिकडे वळते. म्हणजे भोक आधी, चीर नंतर. पोलिसांच्याच तज्ज्ञाने, कर्नल योहान्स व्हर्मुलेन यांनी, उलटतपासणीत हे मान्य केलं.

आता शेजाऱ्यांच्या जबान्या या क्रमाशी लावून बघा. त्या रात्री धडाधड आवाजांचे दोन संच ऐकू आले, मध्ये काही मिनिटांचं अंतर. त्या दोन संचांच्या आसपास बाईच्या किंकाळ्या ऐकल्या असं काहींनी शपथेवर सांगितलं, त्यातलं एक जोडपं १७७ मीटर लांब राहणारं. सरकार पक्षाने दुसरा संच, म्हणजे सव्वातीननंतरचा, गोळ्यांचा धरला. मग किंकाळ्या रीवाच्या ठरतात, भांडण ठरतं, सगळं जुळतं. पण बॅट गोळ्यांनंतरची असेल तर पहिला संच कशाचा? याचं पटणारं उत्तर सरकार पक्षाकडे शेवटपर्यंत नव्हतं. बचाव पक्षाचं उत्तर तयार होतं: पहिला संच गोळ्या, दुसरा बॅट, मधला आक्रोश पिस्टोरिअसचा. न्यायालयाने माणसांच्या आठवणीपेक्षा फोनच्या नोंदींवर भर दिला. शेजाऱ्याने सुरक्षा चौकीला लावलेला फोन ३:१५:५१ चा, पिस्टोरिअसने वसाहतीच्या व्यवस्थापकाला लावलेला ३:१९:०३ चा. या खुंट्यांवर बाकीचा क्रम टांगला, तेव्हा गोळ्या ३:१२ ते ३:१४ च्या दरम्यान आल्या. डोक्याची जखम अशी होती की त्यानंतर आवाज काढणं शक्य नव्हतं. म्हणून पहिल्या संचानंतरच्या किंकाळ्या तिच्या असू शकत नाहीत, असा निष्कर्ष.

एवढ्यावर सरकार पक्षाचं सगळं संपलं असं समजू नका. गोळ्यांच्या क्रमाबद्दल पोलिसांचे गोळीतज्ज्ञ कॅप्टन क्रिस्तियान मांगेना यांची साक्ष वाचाच. त्यांच्या मते पहिली गोळी कमरेला लागली, त्या वेळी ती दाराकडे तोंड करून उभी होती. ती मागे मासिकांच्या मांडणीवर कोसळली. दुसरी गोळी चुकली आणि भिंतीवर आपटून उडाली. उरलेल्या दोन दंडाला आणि डोक्याला, हात डोक्यावर धरलेले असताना. बचाव पक्षाच्या तज्ज्ञाने शरीराची स्थिती वेगळी सांगितली. पण पहिल्या गोळीने ती लगेच मेली नव्हती आणि त्यानंतरही गोळ्या येत राहिल्या, हे चित्र उरतंच. वापरलेल्या गोळ्या ९ मिलिमीटरच्या, पोकळ टोकाच्या. अशी गोळी शरीराच्या ओल्या मांसात शिरली की तिचं टोक पाकळ्यांसारखं उलगडतं आणि जखम रुंदावते. शवविच्छेदन करणारे प्रा. गर्ट सायमन यांनी हे सांगितलं, तेव्हा न्यायालयाने साक्षीचा तो भाग थेट प्रक्षेपणातून वगळला होता.

अपील न्यायालयाचा एक आक्षेप नेमका याच साक्षीबद्दल होता: उद्देश ठरवताना खालच्या न्यायालयाने मांगेना यांचा पुरावा विचारातच घेतला नाही. परिस्थितिजन्य पुरावा एकेक तुकडा काढून बाजूला टाकायचा नसतो, सगळा एकत्र तोलायचा असतो.

घटनास्थळाची हाताळणी वाईट होती, हे समोरची बाजू काढणारच. दार काढून मृतदेहाच्या पिशवीत घालून नेलं. पिस्तूल हातमोज्याशिवाय हाताळलं गेलं. घरातलं एक महागडं घड्याळ पोलीस हजर असताना नाहीसं झालं. पहिल्या तपास अधिकाऱ्याला जामिनाच्या आठवड्यातच बाजूला करावं लागलं. तरीही खुनाच्या प्रश्नावर याचा परिणाम झाला नाही, कारण गोळ्या कुणी, कुठून आणि किती झाडल्या हे आरोपीला मान्यच होतं. गलथानपणाचा फायदा आरोपीला तेव्हाच मिळतो, जेव्हा त्या वस्तूवर काहीतरी अवलंबून असतं.

विधी_तिसरंवर्ष

चिरेचा मुद्दा कुठेच एवढा नीट वाचला नव्हता. मग व्हॉट्सअ‍ॅपचे संदेश? 'कधीकधी मला तुझी भीती वाटते' असं रीवाने लिहिलं होतं ना?

सनदधारक

हो, तो संदेश जानेवारी २०१३ अखेरचा. एकूण संदेश १७०० च्या वर, आणि ते तपासणाऱ्या पोलीस अधिकाऱ्यानेच सांगितलं की बहुतेक, साधारण ९० टक्के, प्रेमाचेच होते. मासिपा यांनी त्यांवरून कुठल्याच बाजूने निष्कर्ष काढला नाही: नाती बदलती असतात, त्यावरून काही सिद्ध होत नाही. मला व्यक्तिशः हे फार कोरडं वाटतं. एक बाई जोडीदाराला लिहून कळवते की तुझी भीती वाटते, आणि दोन-तीन आठवड्यांनी त्याच्याच गोळ्यांनी मरते. हे एका ओळीत बाजूला ठेवण्यासारखं नाही. हेतूचा पुरावा म्हणून ते अपुरं होतं, एवढं मान्य. पण अपुरं म्हणजे असंबद्ध नव्हे. आपल्याकडे या संदेशांचं निदान वजन ठरवलं गेलं असतं, इलेक्ट्रॉनिक पुराव्याचं प्रमाणपत्र जोडलेलं असेल तर.

फौजदारी_बाजू

भारतातल्या बचावाबद्दल. तुमच्यासमोरचा वकील चांगला असेल तर तो तीन थर रचेल.

सगळ्यात वर तथ्याची चूक: जुनं ७९, आता न्याय संहितेचं १७. आरोपी म्हणेल, घरात चोर शिरला असं मी सद्भावनेने समजलो. ते खरं असतं तर माझं कृत्य कायदेशीर ठरलं असतं. त्याला जोड खाजगी संरक्षणाच्या हक्काची. जुन्या १०३ प्रमाणे रात्रीच्या घरफोडीविरुद्ध मृत्यू घडवण्यापर्यंत हा हक्क जातो. नव्या ४१ मध्ये 'रात्री' ऐवजी सूर्यास्तानंतर आणि सूर्योदयापूर्वी असं स्पष्ट आलं आहे. पहाटे तीनची वेळ त्यात बसते. ही आपल्या कायद्यातली बचावाची खरी ताकद आहे आणि मूट करणारे ती हमखास विसरतात.

ती तोडायची कशी? ७९ मध्ये 'सद्भावनेने' हा शब्द आहे, आणि आपल्या संहितेत योग्य सावधगिरी आणि लक्ष यांशिवाय सद्भावना असूच शकत नाही (जुनं ५२, आता कलम २ चं खंड ११). पलंगावर शेजारी झोपलेलं माणूस जागेवर आहे का, हे हात लावून बघितलं नाही, तिचं उत्तर ऐकलं नाही, दिवा लावला नाही. सावधगिरी कुठे आहे? यावर समोरून दोन निवाडे येतील. १९५२ चा नागपूर उच्च न्यायालयाचा चिरंगीचा: भ्रमात मुलाला वाघ समजून कुऱ्हाडीने मारणारा बाप सुटला. आणि १९६० चा ओरिसाचा रामबहादूर थापाचा: रात्री भुतं समजून खुकरी चालवली, आदिवासी बाई मेली, तोही सुटला. दोन्हीकडे आरोपीला समोर माणूस आहे हेच वाटलं नव्हतं. पिस्टोरिअसला समोर माणूस आहे हे पक्कं वाटत होतं, फक्त कोणता ते चुकलं. हा फरक पहिल्याच मिनिटात मांडा, म्हणजे ते निवाडे त्यांच्या कामाचे राहणार नाहीत.

माणूस चुकला तर उद्देश जात नाही, यासाठी आपल्याकडे वेगळं कलमच आहे: जुनं ३०१, आता १०२. लीच यांनी जे तर्काने मांडलं ते आपल्याकडे १८६० पासून लिहून ठेवलेलं आहे.

दुसरा थर ९९ चा, आता ३७: बचावासाठी लागेल त्याहून जास्त इजा करता येत नाही. दार बंद, आतला माणूस बाहेर आलेला नाही, शस्त्र दिसलेलं नाही. तिथे चार गोळ्या बसत नाहीत. इथे हरल्यावर समोरची बाजू खुनाच्या व्याख्येच्या कलमाच्या, ३०० च्या, अपवाद दोनवर उतरेल: बचावाचा हक्क सद्भावनेने ओलांडला, म्हणून खून नाही, सदोष मनुष्यवध. हा त्यांचा तिसरा थर, आणि खरी लढाई याच थरावर होईल. तुमचं ३०४ सनदधारकांनी पुसायला सांगितलं ते तिकडच्या पहिल्या निकालासाठी बरोबर आहे, पण भारतीय मांडणीत ते या दाराने परत आत येतं. त्याला उत्तर तयार ठेवा: अपवाद दोनसाठी आधी हक्क उत्पन्न झालेला असावा लागतो. हल्ल्याची वाजवी भीती नसेल तर ओलांडायला हक्कच नाही.

खून कुठल्या खंडात बसवायचा? ३०० चा चौथा खंड, आता १०१ चा घ: इतकं धोक्याचं कृत्य की बहुधा मृत्यू येणारच, ही जाणीव असून ते निमित्ताशिवाय करणं. गर्दीवर भरलेली तोफ डागण्याचं दृष्टान्त-उदाहरण याच कलमाखाली आहे. डोलस इव्हेंच्युअलिसच्या सगळ्यात जवळचा आपला खंड हाच, पण पातळी एक नाही. तिकडे 'शक्यता' दिसणं पुरतं, इथे 'बहुधा येणारच' लागतं. म्हणून नुसतं लॅटिन नाव घेऊन ३०० सिद्ध झालं असं म्हणू नका. अरुंद खोली, चार गोळ्या, पोकळ टोक आणि कमरेच्या उंचीचा नेम, एवढं मिळून तुम्ही 'शक्यता' वरून 'बहुधा' वर चढता.

आणि सिद्धतेचा भार. दक्षिण आफ्रिकेत बचाव 'वाजवीपणे खरा असू शकतो' एवढं झालं तरी पुरतं, तो खोटा पाडायचा भार सरकारवर. आपल्याकडे अपवाद सिद्ध करायचा भार आरोपीवर (पुरावा कायद्याचं जुनं १०५, साक्ष्य अधिनियमाचं १०८), फक्त शक्यतेच्या तराजूवर. सरकार पक्षासाठी ही मोठी सोय आहे. वाया घालवू नका.

सनदधारक

चौथ्या खंडाबद्दल थोडा मतभेद. चौथा खंड सहसा ठरावीक माणसावर नेम धरलेला नसतो तिथे लावतात. इथे दाराआडचा एकच माणूस लक्ष्य होता. मी तिसऱ्यावरून सुरुवात करीन: जी शारीरिक इजा करायचा उद्देश होता, ती निसर्गक्रमानुसार मृत्यू घडवायला पुरेशी होती. १९५८ चा विरसा सिंगचा निवाडा घ्या. मग मृत्यूचा उद्देश सिद्ध करायची गरजच उरत नाही, इजेचा उद्देश पुरतो. चौथा पर्यायी म्हणून ठेवा.

फौजदारी_बाजू

मान्य, पण दाराआडून झाडलेल्या गोळीत 'हीच इजा करायची होती' हे दाखवायला तिसऱ्या खंडात घाम गाळावा लागतो. शरीर दिसतच नव्हतं. दोन्ही मांडा, क्रम न्यायपीठाचा कल बघून ठरवा.

जोबर्गकर

नव्या पुराव्याशिवाय खून कसा ठरला, हा प्रश्न राहून गेला.

इथे, दक्षिण आफ्रिकेत, सरकारला सुटकेविरुद्ध वस्तुस्थितीवर अपील करता येत नाही. आपल्याकडच्या ३७८ सारखं (आता नागरिक सुरक्षा संहितेचं ४१९) सगळा पुरावा पुन्हा तोलून घेण्याचं दार नाही. फौजदारी प्रक्रिया कायद्याच्या कलम ३१९ खाली फक्त 'कायद्याचा प्रश्न' राखून ठेवता येतो, तोही खालच्याच न्यायाधीशाच्या परवानगीने. मासिपा यांनीच डिसेंबर २०१४ मध्ये ती परवानगी दिली. सरकारी वकील गेरी नेल यांचं कौशल्य इथे दिसलं. 'पुरावा चुकीचा वाचला' म्हटलं असतं तर अर्ज जागीच फेटाळला गेला असता. त्यांनी मांडलं की मान्य झालेल्या वस्तुस्थितीला डोलस इव्हेंच्युअलिसची कसोटी चुकीची लावली, आणि परिस्थितिजन्य पुरावा तोलण्याचा नियम चुकला. हे दोन्ही कायद्याचे प्रश्न. तथ्यं तीच, कसोटी बदलली, उत्तर बदललं. लागणारं सगळं नोंदीवर होतंच, म्हणून फेरखटला न घेता अपील न्यायालयाने थेट खुनाचा निर्णय दिला आणि शिक्षेपुरतं प्रकरण मासिपा यांच्याकडे परत पाठवलं. घटना न्यायालयाने पुढच्या अपिलाला परवानगी नाकारली.

ज्यूरीचं कुणी विचारेल म्हणून: ती इथे १९६९ मध्येच गेली. न्यायाधीशाबरोबर दोन असेसर, म्हणजे साहाय्यक सदस्य, बसतात, वस्तुस्थितीवर तिघांचं मत समान धरलं जातं, कायदा मात्र एकट्या न्यायाधीशाचा. आपल्या नानावटी खटल्यात ज्यूरीने ८ विरुद्ध १ ने 'दोषी नाही' म्हटल्यावर सत्र न्यायाधीशांना ते उच्च न्यायालयाकडे पाठवावं लागलं होतं. इथे मासिपा यांच्या प्रत्येक निष्कर्षाला लेखी कारण होतं, म्हणून चूक कुठल्या परिच्छेदात झाली हे बोट ठेवून दाखवता आलं.

शिक्षेचा हिशोब गुंतागुंतीचा आहे, नीट समजून घ्या. पहिली शिक्षा ५ वर्षं, ऑक्टोबर २०१४. तिचा सहावा भाग भोगल्यावर नजरकैदेत पाठवता येईल अशा कलमाखाली ती दिली होती, म्हणून तो वर्षभरातच, ऑक्टोबर २०१५ मध्ये, काकांच्या घरी गेला. खून ठरल्यावर किमान शिक्षा १५ वर्षं, 'भरीव आणि सबळ कारणं' असतील तरच कमी. मासिपा यांनी ६ जुलै २०१६ ला ६ वर्षं दिली. सरकार पुन्हा अपिलात गेलं. २४ नोव्हेंबर २०१७ ला अपील न्यायालयाने ती धक्कादायक सौम्य ठरवून १३ वर्षं ५ महिने केली. हा विचित्र आकडा आला कुठून? १५ वर्षांतून आधी भोगलेल्या कैदेचे आणि नजरकैदेचे मिळून १९ महिने वजा.

आणि तिथेच पुढचा घोळ झाला. वजावट आधीच झालेली असताना मुदत कुठल्या तारखेपासून मोजायची, २०१६ च्या की २०१७ च्या? अर्धी शिक्षा भोगल्याशिवाय पॅरोल नाही, त्यामुळे वर्षाहून जास्त फरक पडत होता. मार्च २०२३ मध्ये मुदत पुरी नाही म्हणून अर्ज नाकारला गेला, नंतर ती मोजणी चुकीची ठरली. ५ जानेवारी २०२४ ला तो पॅरोलवर सुटला. दारूबंदी, माध्यमांशी बोलायला मनाई, राग आवरण्याचे आणि स्त्रियांवरील हिंसेसंबंधीचे उपचार, या अटी डिसेंबर २०२९ पर्यंत आहेत. रीवाच्या आईने सुटकेला विरोध केला नाही, पण चोर समजून गोळ्या झाडल्या या त्याच्या सांगण्यावर आपला विश्वास नाही, हे तिने त्या वेळीही सांगितलं.

विधी_तिसरंवर्ष

आभार. मांडणी बदलली: तिसरा खंड आधी, चौथा पर्यायी, मग १०२, आणि अपवाद दोनला उत्तर वेगळ्या पानावर. समस्येत शौचालयाचं माप दिलेलं नाही, 'लहान' एवढंच आहे.

न्यायवैद्यक

मग माप गृहीत धरू नका, न्यायपीठ लगेच विचारेल कुठून आणलं. समस्येत भोकांची उंची आणि जखमांच्या जागा असतील तर त्या एका आकृतीत मांडा. चारपैकी तीन गोळ्या लागल्या असतील, तर हलायला जागा नव्हती हे त्यातूनच निघतं.